वाटीभर खेकडा

दाभणाच्या टोकावर दोऱ्याएवढं पांढरं मांस येतं. ते वाटीत झटकायचं आणि पुन्हा नांगीत दाभण घालायचं. दुपारपासून हेच चाललंय. बारा खेकडे उकडले, तरी वाटी काठापर्यंत आलेली नाही.

अमेरिकेत चेसापीकच्या काठी निळ्या खेकड्यांच्या टिक्क्या तव्यावर परततात. तो खेकडा खाडीतला, अंगाने भरलेला. माझा भंडारा जिल्ह्यातल्या धानाच्या बांधीतला: काळपट, चिवट, सगळा जोर नांग्यांत. आमच्याकडे त्याचा रस्साच होतो. पाय पाट्यावर ठेचायचे, पाण्यात कालवून गाळायचे. ते पाणी उकळलं की दाट होऊन वर जमतं. ज्यात मांस कमी, त्याचा अर्क काढावा, हे शहाणपण मला पटतं. तरी टिक्क्या करायच्या म्हणून बसले आहे, कारण निवडलेलं मांस म्हटलं की मला आजीचे हात दिसतात.

चुलबंद नदीच्या अंगाला आमचं गाव. वरच्या बाजूला मामा तलाव, म्हणजे माजी मालगुजारी तलाव. मालगुजारी १९५१ साली गेली, नाव मात्र राहिलं. हे तलाव त्याच्याही आधीचे. गोंड राजांच्या काळात कोहळी लोकांनी अशा कितीतरी पाळी बांधल्या आणि तलावाखाली धान पिकवलं. पाळीतून झिरपणारं पाणी बांधीत, बांधीच्या धुऱ्यात खेकड्याचं बीळ, त्याच चिखलात पऱ्ह्यांची रोवणी. रोवणीहून परतताना आजीच्या ओच्यात काहीतरी वळवळत असायचं.

पण घरी आणण्याआधी ती प्रत्येक खेकडा उलटा करी आणि पोटाखालची झडप बोटाने उचलून पाही. समुद्रातल्या खेकड्याची पिल्लं सुरुवातीला पाण्यात तरंगत वाढतात. गोड्या पाण्यातल्या खेकडीचं तसं नाही. अंड्यातून निघतात तीच इवले खेकडे होऊन, आणि काही दिवस आईच्या त्या झडपेखालीच राहतात. "पिल्लं असन तं सोडून दे तिले," आजी म्हणे आणि स्वतःच तिला बिळाच्या तोंडाशी ठेवी. आता धुऱ्यावर बिळं कमी दिसतात. फवारणीची बाटली हातात घेणाऱ्याने एकदा तरी ती झडप उचलून पाहावी, असं मला फार वाटतं.

उकडताना घाई चालत नाही. गोड्या पाण्याच्या खेकड्यात फुफ्फुसात घर करणारा कृमी असू शकतो. मांस आतपर्यंत शिजायलाच हवं, आणि कच्चा खेकडा हाताळलेले हात, पाटा, सुरी नीट धुवायला हवी. हळद-मीठ घातलेल्या पाण्यात काळं कवच तांबडं होतं. कवचातला तांबडा रंग आधीपासून असतोच. आच लागली की त्याला झाकून धरणारं प्रथिन सुटतं. मग पाठ उघडून पिसासारखे कल्ले काढून टाकायचे, आणि दाभण हातात घ्यायचं.

वाटीभर मांसाला अर्धी वाटी मऊ भात. बटाटा चालला असता, पण याच बांधीतला भात याला जास्त ओळखतो. लसूण, हिरवी मिरची, चिरलेला सांबार (म्हणजे कोथिंबीर), जिरं, आणि मूठभर लाखोळीच्या डाळीचं पीठ. पाणी अजिबात नाही. ओल्या हाताने थापून टिक्क्या अर्धा तास तशाच ठेवायच्या, वरून तांदळाचा रवा. तव्यावर जवसाचं तेल. ते लवकर धुरावतं, म्हणून आच मंद. आणि उलथायची घाई करायची नाही: खालची बाजू खरपूस झाली की टिक्की आपणच तवा सोडते. पहिली मी लवकर उलथली, ती दुभंगली. भाताचं बोट लावून सांधली. दुसऱ्या वेळी थांबले.

आजी चुलीपाशी बसून नांग्यांतलं मांस निवडायची आणि आमच्या भातावर ठेवायची. तिच्या ताटात मी ते कधी पाहिलं नाही. सगळ्यांचं आटोपल्यावर ती पोकळ पाय घेऊन बसायची, एकेक चोखत. तिला तेच आवडतं, असं आम्हाला खूप वर्षं वाटत होतं.

टिक्क्या मुलांच्या ताटांत गेल्या. "अजून आहेत?" धाकटी विचारते. नाहीत. माझ्यापुढे पातेल्यात उकडलेले पाय उरलेत. त्यातला एक दाताखाली फोडते. खारट, मागून किंचित गोड, आणि अगदी शेवटी बांधीच्या चिखलाचा वास.