बालाजी घाटाच्या पायऱ्यांवर

काशीला गेलेला मराठी माणूस दशाश्वमेध आणि मणिकर्णिका पाहून परततो. नावाड्याला थोडे पुढे, उत्तरेकडे न्यायला सांगितले, तर मात्र एकामागून एक ओळखीची नावे भेटू लागतात. शिंद्यांचा घाट, नागपूरकर भोसल्यांचा घाट, जटारांचा घाट आणि पंचगंगेच्या अलीकडे बालाजी घाट. पेशव्यांच्या काळातला हा घाट पुढे ग्वाल्हेरच्या शिंद्यांकडे गेला. वरच्या बालाजी मंदिरात उस्ताद बिस्मिल्ला खाँ तरुणपणी शहनाईचा रियाज करीत. आज तिथे गर्दी कमी. पायऱ्या चढून दम लागला, की गंगेकडे तोंड करून निवांत बसावे.

आमच्या नावेत सोलापूरकडचे एक काका-काकू होते. सकाळीच त्यांनी विश्वनाथाचा नवा परिसर पाहिला होता. पायरीवर टेकता टेकता काकांनी विचारले, "त्या घरवाल्यांना भाव बरा मिळाला असेल का हो?"

प्रश्न साधा नव्हता. ८ मार्च २०१९ रोजी त्या कामाची कोनशिला बसली आणि १३ डिसेंबर २०२१ रोजी लोकार्पण झाले. जेमतेम ३ हजार चौरस फुटांचा परिसर सुमारे ५ लाख चौरस फुटांचा झाला. त्यासाठी तीनशेहून अधिक मालमत्ता घेतल्या गेल्या. घरमालक, भाडेकरू आणि दुकानदार मिळून सुमारे चौदाशे जणांचे पुनर्वसन केल्याचे सरकारने सांगितले. ही घरे बोलणी करून, खरेदीखताने घेतलेली. अशा व्यवहारात जी काही घासाघीस करायची ती सहीच्या आधी. एकदा राजीखुशीने सही झाली, की वाढीव मोबदल्याची वाट जवळजवळ बंद होते.

सक्तीच्या भूसंपादनात ती वाट उघडी असते. पण काकांची तिथेही चुकली होती. त्यांची तीन एकर जमीन नव्वदच्या दशकात तलावात गेली. निवाडा झाला, काकांनी पावतीवर सही केली आणि पैसे घेतले. शेजारच्या शेतकऱ्याने मात्र सहीच्या वर "हरकत राखून" एवढे दोन शब्द लिहिले, मुदतीत अर्ज केला आणि कोर्टातून रक्कम वाढवून आणली. १८९४ च्या कायद्यात हरकत न नोंदवता पैसे घेणाऱ्याला कलम १८ खाली दाद मागता येत नसे. शेजाऱ्याच्या निकालाचा आधार घेऊन कलम २८-अ खाली वाढ मागता आली असती, पण त्याला मुदत तीन महिन्यांची. काकांना हे कळले दोन वर्षांनी.

वाचकांनी हे ध्यानात ठेवावे. १ जानेवारी २०१४ पासून नवा कायदा आला, दिलासा रक्कम ३० टक्क्यांवरून १०० टक्के झाली. पण हरकतीचा नियम तोच राहिला. पैसे जरूर घ्यावेत, मात्र हरकत लेखी नोंदवून. निवाड्याच्या वेळी हजर असाल तर सहा आठवड्यांत कलम ६४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करावा. हजर नसाल तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांतले जे आधी संपेल ते. शेजाऱ्याच्या निकालावरून वाढ मागण्याची सोय आता कलम ७३ मध्ये आहे. मुदत तीच, तीन महिने. राष्ट्रीय महामार्गासाठी जमीन गेली असेल तर दाद लवादापुढे मागावी लागते. सातबारा, आसपासची खरेदीखते, विहीर आणि झाडांच्या नोंदी आधीच जमवून ठेवाव्यात.

ऊन उतरले. काका पाण्याकडे पाहत म्हणाले, "दोन शब्द लिहायला काय लागत होतं?"

काकूंनी ओंजळभर पाणी त्यांच्या हातावर घातले. "गंगेवर आलोय. इथं तरी सोडा आता."

काका हसले. पण नावेत बसताना त्यांनी माझ्याकडून कलमांचे आकडे कागदावर लिहून घेतले. धाकट्या भावाची जमीन रस्त्यात जाणार होती.