ब्रूक्स, झाँग आणि ‘कोणाची गुलामी मोठी’ हा वाद

जगातील प्रसिद्ध जहाजे कोणती, असे विचारले की स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणारी आपली मुले धडाधड नावे सांगतात. कोलंबसचे सांता मारिया, 1620 साली अमेरिकेच्या किनाऱ्याला लागलेले मेफ्लॉवर, नेल्सनचे व्हिक्टरी आणि अर्थातच टायटॅनिक. पाठांतर चोख असते, पण या यादीत ब्रूक्स नसते आणि झाँग तर नसतेच. ही यादी डेकवर उभ्या असलेल्या माणसांनी केली आहे. होल्डमध्ये कोण होते, हे त्यांनी विचारले नाही.

मी हे असे का म्हणतो, तर माझे वडील मुंबई बंदरात गोदी कामगार होते. कोणत्या देशाचे जहाज आले, कप्तान कोण, हे त्यांनी घरी कधी सांगितले नाही. माल काय आहे, होल्ड किती खोल आहे आणि खाली वारा लागतो का, एवढेच ते बोलत. “वरून सगळी जहाजं सारखीच दिसतात रे, खाली उतरल्यावर कळतं,” असे त्यांचे म्हणणे. मी पुढे बरीच पुस्तके वाचली, पण जहाजाचा इतिहास वाचायची याहून चांगली रीत मला कोणी शिकवली नाही.

तर ब्रूक्स. 1781 साली इंग्लंडमधील लिव्हरपूल बंदरात हे जहाज पाण्यात उतरले. त्याने कोणती लढाई जिंकली नाही की नवी भूमी शोधली नाही. आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून माणसे भरायची आणि कॅरिबियन बेटांवर विकायची, एवढेच त्याचे काम. अटलांटिकवरच्या या व्यापारात सुमारे सव्वा कोटी आफ्रिकी माणसे जहाजांवर चढवली गेली आणि त्यांतील जवळजवळ अठरा लाख वाटेतच मेली. ब्रूक्स हे अशा हजारो जहाजांपैकी एक, अगदी सामान्य. ते प्रसिद्ध झाले ते मोजमापामुळे.

1788 साली ब्रिटिश संसदेत गुलामांच्या व्यापाराची चौकशी सुरू होती. सरकारने लिव्हरपूलची जहाजे मोजून घेतली. त्याच वर्षी कायदा झाला की जहाजाच्या टनांच्या हिशेबानेच माणसे भरावीत. ब्रूक्सच्या वाट्याला 454 आली. गुलामीच्या विरोधात काम करणाऱ्या प्लिमथ आणि लंडनच्या समित्यांनी ही मापे घेतली आणि जहाजाचा आडवा छेद काढून त्यात माणसे आखली. पुरुषाला सहा फूट लांब आणि एक फूट चार इंच रुंद जागा. आपल्या रेल्वेच्या स्लीपर डब्यातली बर्थ याहून रुंद असते. मुलीला साडेचार फूट बाय एक फूट. दोन थरांमध्ये उंची एवढी कमी की ताठ बसताही येऊ नये. आणि हे कायद्याने सुधारलेले चित्र! कायद्याआधी याच जहाजाने एका सफरीत 609 माणसे नेली होती.

1789 मध्ये हे चित्र हजारोंच्या संख्येने छापले गेले आणि भिंतींवर लागले. विल्बरफोर्सने तर ब्रूक्सची लाकडी प्रतिकृती संसदेत दाखवली. त्या चित्रात एकही विशेषण नाही, फूट आणि इंच आहेत. गुलाम सुखात असतात, असे सांगणाऱ्या व्यापाऱ्यांना फूटपट्टीशी वाद घालता येईना. अत्याचाराच्या प्रकरणात सत्यशोधन समितीबरोबर जाणाऱ्या आपल्या कार्यकर्त्यांनी हे चित्र जरूर पाहावे. आपल्या अहवालांत संताप पुष्कळ असतो, मापे कमी असतात.

हे चित्र मी एका अभ्यासवर्गात दाखवले तेव्हा एक मुलगा उठून म्हणाला, “सर, यात माणसं कुठं आहेत? हा तर मालाचा नकाशा आहे.” त्याचे खरे आहे. चित्रातली माणसे निमूट पडलेली आहेत. त्यांना चेहरा नाही, हालचाल नाही. पाहणाऱ्याने दया करावी एवढीच त्यांची भूमिका.

पण त्याच ब्रूक्सवर 1783-84 च्या सफरीत थॉमस ट्रॉटर नावाचा डॉक्टर होता. पुढे त्याने संसदेच्या समितीपुढे साक्ष दिली. चेटूक केल्याचा आरोप ठेवून एका माणसाला कुटुंबासह विकले होते. त्याने जहाजावर स्वतःचा गळा चिरला. डॉक्टरने टाके घातले, ते त्याने रात्री नखांनी उसवले. गोऱ्यांबरोबर मी जाणार नाही, असे त्याने सांगितले. मग अन्न सोडले आणि काही दिवसांत मेला. त्याचे नाव कोणी लिहून ठेवले नाही. नकाशात तोही सहा फूट बाय एक फूट चार इंचच आहे.

चित्र गाजत होते त्याच 1789 साली ओलाउदाह इक्वियानो या एकेकाळच्या गुलामाने स्वतःचे आत्मचरित्र स्वतःच वर्गणीदार गोळा करून लंडनमध्ये छापले आणि गावोगाव फिरून विकले. त्याच्या हयातीत नऊ आवृत्त्या निघाल्या. दलित आत्मकथनांवर वाढलेल्या आपल्या पिढीला याचे महत्त्व वेगळे सांगायला नको.

आता वादाचा मुद्दा. आपल्या व्यासपीठांवर एक वाक्य फार ऐकू येते : काळ्यांची गुलामी परवडली, अस्पृश्यता त्याहून वाईट. आधार बाबासाहेबांचा दिला जातो. गुलाम ही मालकाची मालमत्ता, त्यामुळे त्याला जगवण्यात मालकाचा स्वार्थ होता. अस्पृश्याची जबाबदारी मात्र कोणावरच नव्हती, असे बाबासाहेबांनी मांडले आहे. पण ते कोणाला उत्तर देत होते, हे आपण विसरतो. लाला लजपतराय यांच्यासारखे नेते ‘अमेरिकेतल्या निग्रोंचे हाल बघा, त्यापुढे अस्पृश्यता काहीच नाही’ असा बचाव करत होते. बाबासाहेबांनी तो बचाव मोडून काढला. दुसऱ्याचे दुःख लहान ठरवण्यासाठी ते वाक्य नव्हते.

मालकाचा स्वार्थ समुद्रावर किती टिकला, हे झाँगने दाखवले. 1781 साली हे जहाज 442 माणसे भरून आफ्रिकेहून निघाले. मार्ग चुकला, पाणी कमी पडेल असे कारण पुढे करून खलाशांनी सुमारे 130 जिवंत माणसे समुद्रात फेकली. का? माल जहाज वाचवण्यासाठी फेकला तर विमा मिळतो, माणूस आजाराने मेला तर मिळत नाही. माणशी तीस पौंड. 1783 मध्ये लंडनच्या कोर्टात खटला उभा राहिला तो खुनाचा नव्हे, विम्याचा. ज्यूरीने पहिला निकाल मालकांच्या बाजूने दिला. सरन्यायाधीश मॅन्सफिल्ड यांनी फेरसुनावणीला परवानगी दिली, पण खुनाबद्दल कोणालाही शिक्षा झाली नाही. इथे मालमत्ता असणे हेच मरणाचे कारण ठरले.

म्हणून मी तुलनेची ही शर्यत लावत नाही. महात्मा फुल्यांनी 1873 साली ‘गुलामगिरी’ अर्पण केली ती निग्रोंच्या मुक्तीसाठी झटलेल्या अमेरिकी लोकांना. 1946 साली बाबासाहेबांनी डू बॉइस यांना पत्र लिहिले, तेही दोन्ही समाजांच्या स्थितीतले साम्य सांगून आणि संयुक्त राष्ट्रांकडे निग्रोंनी केलेल्या अर्जाच्या प्रती मागण्यासाठी. त्यांना त्या अर्जाचा उपयोग करायचा होता.

चित्र छापल्यावर ब्रूक्स थांबले नाही. 1804 पर्यंत ते त्याच धंद्यात होते. व्यापार 1807 मध्ये बंद झाला, वसाहतींमधली गुलामी उठवणारा कायदा 1833 मध्ये आला. त्यात दोन कोटी पौंडांची भरपाई ठरली, ती मालकांना. गुलामांना छदामही नाही. आरक्षण आणखी किती वर्षे, असे आपल्या मुलांना विचारले जाते तेव्हा मी त्या भरपाईची गोष्ट सांगतो. तिच्यासाठी ब्रिटिश सरकारने काढलेले कर्ज 2015 साली फिटले.