गॅलरीतली थॉमसन

आमच्या होस्टेलमध्ये 'काडी लावणे' याचा अर्थ एकच. दोघांत भांडण पेटवायचं आणि लांबून मजा बघायची. त्यामुळे गेल्या ऑक्टोबरात "काडी लावायचीय, जुनी बादली आहे का?" असं विचारत मी रूम-रूम फिरलो, तेव्हा पोरांना भलताच संशय आला. मित्रांनो, माझी काडी द्राक्षाची होती.

आम्ही निफाड तालुक्यातले. आजोबांनी लावलेली दीड एकर थॉमसन होती. २०१९ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात अवकाळी पावसाने घड कुजवले, उरलेले डाउनीने नेले. कर्ज मात्र जागेवरच. आप्पांनी पुढे काही वर्षं रेटलं आणि गेल्या वर्षी बाग तोडायचं ठरवलं. घरात यावर कुणी बोललं नाही. मांडव उतरवायच्या आदल्या दिवशी मी पेन्सिलीएवढ्या जाडीच्या, पिकलेल्या दहा काड्या कापून आणल्या.

काडीला तीन-चार डोळे ठेवायचे. खालचा काप डोळ्याच्या लगेच खाली, सरळ, वरचा तिरका. म्हणजे उलटी लावायची भीती नाही. दोन डोळे मातीत, बाकीचे वर. माती, वाळू, शेणखत सारखं, आणि बादलीला भोकं. हल्ली बागा डॉगरिजच्या खुंटावर कलम करतात, कारण तो क्षार आणि पाण्याचा ताण सोसतो. आमची बाग जुनी, स्वतःच्याच मुळांवरची. बादलीलाही तेवढं पुरे. (क्षाराचं म्हणाल तर आमच्या मेसच्या आमटीत भरपूर आहेत.)

महिन्याच्या आत सात काड्यांना पानं फुटली. रूममेटने पार्टी मागितली. पण इथेच गंमत आहे. ही पानं काडीत साठलेल्या स्टार्चवर फुटतात, मुळ्या मागून येतात. साठा संपायच्या आत मुळी सुटली तर काडी जगली, नाहीतर हिरवीगार दिसता दिसता माना टाकते. फर्स्ट इयरला इंटर्नलच्या मार्कांवर उड्या मारणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं. सातातल्या चार गेल्या, तीन राहिल्या.

थॉमसनला रुजण्याजोगं बी नसतं. म्हणजे जगातली प्रत्येक थॉमसन ही आधीच्या वेलीची काडीच. माझ्या बादलीत आजोबांच्या वेलीचं पिल्लू नाहीये, तीच वेल आहे. शुद्ध कॉपी-पेस्ट, आणि सर पकडत नाहीत!

घड मात्र इतक्यात मागायचा नाही. ऑक्टोबर छाटणीनंतर दिसणारा घड खरं तर एप्रिलच्या खरड छाटणीनंतर चाळीस ते साठ दिवसांत डोळ्याच्या आतच ठरलेला असतो, आणि त्याला ऊन लागतं. आमच्या गॅलरीत ऊन सकाळी साडेदहापर्यंत. बघू.

घरी हे मी सांगितलं नव्हतं, आईकडून कळलं असावं. फोनवर एरवी आप्पा "पैसे आहेत ना?" एवढंच विचारतात. फेब्रुवारीत एकदा एकदम म्हणाले, "किती डोळे ठेवलेस?" बाग तोडल्यापासून द्राक्षाचा शब्द पहिल्यांदा त्यांच्या तोंडून आला.

एप्रिलमध्ये ते कॉलेजात आले. मांडवाच्या तारा, अँगल सगळं विकलंय. पण पिशवीतून त्यांनी छाटणीची कात्री काढली. वाकून बराच वेळ बघितलं आणि मी हौसेने वाढवलेली सगळ्यात लांब वेल कच्चकन दोन डोळ्यांवर आणली. मी बघतच राहिलो.

"बुंधा आधी," म्हणाले. "सुतळी आहे का? वर कशावर चढवणार?"

सुतळी गॅलरीच्या ग्रिलला बांधलीय. रेक्टर सरांची परवानगी तेवढी घ्यायची राहिलीय.