मुख्यार्थबाध आणि एक झावळी

शिल्पा गुप्ता यांच्या ‘ब्लेस्ड बँडविड्थ’ या कलाकृतीचे विवरण मी सुमारे पंधरा वर्षे वर्गात करीत आलो. त्या विवरणात एक मूलभूत चूक होती. ती एप्रिल २०२० मध्ये पाचूबंदरच्या घरी माझ्या लक्षात आली, आणि लक्षात आणून दिली माझ्या आईने, जिने या कलावतीचे नाव कधी ऐकले नव्हते. ही चूक माझ्या एकट्याची नसून आपल्या वाचनाच्या एका सवयीची असावी, अशी शंका असल्यामुळे तिची नोंद करीत आहे.

कलाकृती २००३ ची. लंडनच्या टेट या कलासंस्थेने आपल्या इंटरनेटवरील दालनासाठी ती करवून घेतली होती. १९७६ साली मुंबईत जन्मलेल्या शिल्पा गुप्ता सर जे. जे. कलामहाविद्यालयातून शिल्पकला शिकून बाहेर पडल्याला तेव्हा सहा वर्षे झाली होती, आणि महाजाल हेच आपले माध्यम मानून त्या काम करीत होत्या. ‘ब्लेस्ड बँडविड्थ’साठी त्यांनी संगणकजाळ्याची एक केबल निरनिराळ्या धर्मांच्या प्रार्थनास्थळांत नेली आणि तिला आशीर्वाद मिळवले. संकेतस्थळावर येणाऱ्यापर्यंत ते जाळ्यातून पोचावेत, अशी ती योजना.

मी हे उपरोध म्हणून शिकवीत असे. श्रद्धेचा बाजार, घरपोच पुण्य, असे सगळे त्यात येई, आणि वर्गात हशाही पिके. सिद्धान्ताचा आधार म्हणून मी लक्षणेची प्रक्रिया मांडीत असे. ‘गंगेवरचा गवळीवाडा’ हे उदाहरण आपणा सर्वांच्या परिचयाचे आहे. प्रवाहावर वस्ती असू शकत नाही, म्हणून मुख्यार्थाला बाध येतो. बाध येतो म्हणून ‘काठावर’ हा लक्ष्यार्थ घ्यावा लागतो, आणि त्यामागोमाग शीतलतेचा, पावित्र्याचा व्यंग्यार्थ उभा राहतो. तसेच येथे. तारेतून आशीर्वाद जाऊ शकत नाही, म्हणून कलावतीला काही निराळे सुचवायचे आहे. (कोळीवाड्यात वाढलेल्या मला पाण्यावरच्या वस्तीत फारसा बाध कधी जाणवला नव्हता, हे तेव्हाच सुचायला हवे होते.)

साक्षात व्हॅटिकनही माझ्या बाजूने होते. फेब्रुवारी २००२ मध्ये, म्हणजे या कलाकृतीच्या आदल्याच वर्षी, तेथील संज्ञापनविषयक परिषदेने इंटरनेटवर संस्कार संभवत नाहीत असे स्पष्ट केले होते. हा संदर्भ मी मोठ्या समाधानाने देत असे. परंतु संस्कार वेगळा आणि आशीर्वाद वेगळा, हा भेद आमच्याकडे पहिल्या कोमुन्योनच्या तयारीतच शिकवतात. तो मला लहानपणापासून ठाऊक होता. उपरोधाच्या सोयीसाठी मी तो वर्गाबाहेर ठेवला.

पाचूबंदर म्हणजे वसईच्या किल्ल्यापलीकडची, खाडीच्या मुखावरची ख्रिस्ती कोळ्यांची वस्ती. नवी होडी पाण्यात लोटण्याआधी फादर येऊन तिच्यावर आशीर्वादित पाणी शिंपडतात. काकांनी होडीवर जीपीएसचे यंत्र बसवले, त्या वर्षीचा प्रसंग मला आठवतो. पाण्याने बिघडू नये म्हणून मुलाने यंत्रावर प्लास्टिक घातले होते. फादर केबिनपाशी आले तसे काकांनी ते स्वतःच्या हाताने बाजूला केले. रस्ता हेच दाखवणार, याला पाणी लागलेच पाहिजे, असे ते म्हणाले. (म्हणाले आमच्या बोलीत. मी येथे प्रमाण मराठीत लिहीत आहे, त्याविषयी पुढे.) त्या दिवशी होडीवर कोणी हसले नाही, मीही नाही. आणि त्याच पावसाळ्यात मी वर्गात केबलवर हसू आणवीत होतो.

५ एप्रिल २०२० हा झावळ्यांचा रविवार होता. चर्च बंद, मिस्सा मोबाइलवर. नऊच दिवसांपूर्वी, २७ मार्चला, पोप फ्रान्सिस यांनी सेंट पीटर्सच्या ओस, पावसाने भिजलेल्या चौकातून जगाला आशीर्वाद दिला होता, आणि जे तो प्रसारमाध्यमांतून घेतील त्यांनाही तो लागू होता. आईने अंगणातल्या माडाची एक कोवळी झावळी आणली, मोबाइल खुर्चीवर उभा केला आणि समोर गुडघे टेकले. फादरांनी पाणी शिंपडायला हात उचलला तशी तिने झावळी पडद्याजवळ नेली. नेमके तेव्हाच चित्र थिजले. पुन्हा हलू लागले तेव्हा फादर वेदीकडे वळले होते. आईने माझ्याकडे पाहून विचारले, ‘पोचला का?’

मी ‘पोचला’ म्हणालो. हे मी श्रद्धेने म्हणालो, की दयेने, की केवळ सुटका म्हणून, हे मला आजही सांगता येत नाही. परंतु तिचा प्रश्न काटेकोर होता. तारेतून आशीर्वाद जातो का, असे तिने विचारलेच नव्हते. तो या वेळी पोचला का, एवढेच तिला हवे होते. मुख्यार्थाला तिच्याकडे बाधच नव्हता. बाध नाही तेथे लक्षणा नाही, आणि माझा सगळा उपरोध त्या बाधावर उभा होता.

लिंडा हचन यांनी ‘आयरनीज एज’ (१९९४) मध्ये उपरोध संहितेत ठेवलेला नसतो, तो वाचणारा घडवतो आणि त्यासाठी समान संकेत असलेला समूह आधीपासून असावा लागतो, असे प्रतिपादन केले आहे. हे मी शिकवीतही होतो. माझा समूह कोणता, हे मात्र मी स्वतःला विचारले नव्हते. शिल्पा गुप्ता यांनी ती केबल खरोखरच प्रार्थनास्थळांत नेली, या साध्या गोष्टीला मी त्यामुळेच तपशील समजलो. चेष्टाच करायची, तर एवढे चालण्याची गरज नव्हती. त्यांना चेष्टा करायची नव्हती, असे म्हणण्याचा अधिकार मला नाही. पण कृतीने दोन्ही दारे उघडी ठेवली होती आणि मी एक लावून घेतले.

त्यांच्या कारकिर्दीकडे आता मी निराळ्या रीतीने पाहतो. आरंभीचा महाजालाचा टप्पा आणि नंतरचा वस्तूंचा, ध्वनीचा टप्पा, अशी विभागणी मला पटेनाशी झाली आहे. ‘सेंटिमेंट एक्स्प्रेस’ (२००१) मध्ये प्रेक्षकाने संगणकापुढे आपले प्रेमपत्र सांगावे आणि भारतात ते कोणीतरी हाताने लिहून टपालाने धाडावे, अशी कल्पना होती. तो लिहिणारा मी आहे. शाळकरी वयात, ज्यांची मुले बोटीवर गेली होती अशा शेजारणींची पत्रे मी लिहीत असे. त्या बोलीत सांगत. मी ‘शुद्ध’ मराठीत उतरवी. ‘तुझी आठवण येते’ हे वाक्य त्यांच्यापैकी एकीनेही कधी उच्चारले नव्हते. ते प्रत्येक पत्रात असे. पुढे ‘फॉर, इन युवर टंग, आय कॅनॉट फिट’ (२०१७–१८) मध्ये शंभर कवींच्या ओळी शंभर मायक्रोफोनांतून ऐकू येतात. हे कवी लेखनापायी वा विचारांपायी बंदिवासात गेलेले. ऐकून घेण्याचे यंत्र तेथे बोलते. २०१९ मध्ये ही कलाकृती व्हेनिसच्या द्वैवार्षिकीत होती. केबल, पत्रलेखक, मायक्रोफोन: मधले माध्यम काय पोचवते आणि स्वतःचे काय त्यात मिसळते, या एकाच प्रश्नाकडे त्या वारंवार येतात, असे माझे मत आहे.

ती झावळी वर्षभर आमच्या घरातल्या क्रुसामागे खोचलेली होती. राखेच्या बुधवारासाठी आदल्या वर्षीच्या झावळ्या चर्चमध्ये गोळा करून जाळतात. १७ फेब्रुवारी २०२१ चा बुधवार जवळ आला तशी आईने ती काढली, धूळ पुसली आणि दारापाशी थोडी थांबली. चर्चमध्ये टोपली ठेवली होती. त्यात त्या वर्षी फारच थोड्या झावळ्या होत्या. तिने आपली त्यांत ठेवली आणि मला घरी चल म्हणाली.