चौथीचा इतिहास आणि साधनांचा प्रश्न

महाराष्ट्रातील मुलाची इतिहासाशी पहिली सलग ओळख चौथीत शिवछत्रपतींच्या चरित्रातून होते, आणि नवव्या वर्षी ऐकलेले अफजलखानाची भेट, आग्र्याहून सुटका, रायगडावरील राज्याभिषेक हे प्रसंग पुढे त्याच्या सामूहिक स्मृतीचा, म्हणजे समाज स्वतःविषयी मिळून जे लक्षात ठेवतो त्या ठेव्याचा, गाभा होऊन राहतात. १९६७ मध्ये स्थापन झालेली बालभारती हेच चरित्र मराठीबरोबर उर्दू, कन्नड, गुजराती अशा माध्यमांतूनही मुलांच्या हाती देते. मालेगावचे उर्दू शाळेतील मूल आणि सावंतवाडीचे मराठी शाळेतील मूल एकाच राजाला आपला म्हणू शकते, ही शाळेची फार मोठी कमाई मानली पाहिजे.

मात्र ही आपुलकी रुजवणाऱ्या शिक्षकाचे काम गोष्ट रंगवून सांगण्यापाशी संपत नाही. गोष्ट हवीच, कारण त्या वयाला तीनशेपन्नास वर्षांचे अंतर आकड्यांनी कळत नाही; पण ती सांगून झाल्यावर ‘हे आपल्याला कशावरून कळले?’ हा प्रश्न वर्गात आला नाही, तर इतिहास आणि दंतकथा यांतला भेद मुलाच्या मनात उमटतच नाही. त्यासाठी शिवरायांच्या जन्मतिथीइतके सोपे आणि समृद्ध उदाहरण दुसरे नाही. दीर्घकाळ १६२७ हे जन्मवर्ष प्रचलित होते. लोकमान्य टिळकांनी १९१६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या जेधे शकावलीत, म्हणजे शकवर्षांच्या क्रमाने घटना नोंदवणाऱ्या टिपणात, फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१ ही तिथी आढळली, विद्वानांचा वाद दशकानुदशके चालला आणि अखेर २००१ मध्ये राज्य शासनाने १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख मान्य केली. शिवजयंतीची सुट्टी ज्या तारखेला मिळते ती जुन्या कागदाच्या आधारे ठरली, हे चौथीच्या मुलाला सहज समजते, आणि त्याने राजावरील प्रेम तसूभरही कमी होत नाही.

हा प्रश्न वर्गात येण्यात अडचण आहे ती धड्याखालच्या स्वाध्यायाची. रिकाम्या जागा भरण्यात आणि जोड्या लावण्यात सनावळी पक्की होते, पुरावा मात्र निसटतो. या काळाच्या इतिहासाच्या साधनांचा, म्हणजे तो ज्या पुराव्यांवरून कळतो त्यांचा, स्वतंत्र पाठ सातवीच्या पुस्तकात येतो, तोवर स्मृती घट्ट झालेली असते. म्हणून चौथीच्या शिक्षकांनी सातवीची वाट पाहू नये. प्रत्येक प्रसंगामागे एक तरी कागद, शिलालेख किंवा किल्ला वर्गात आणावा.