गवयाच्या घरातून

गेल्या कार्तिकात आमच्या देवळाच्या सभामंडपात आमच्या यजमानांच्या स्मरणार्थ गायनाची एक बैठक झाली. त्यांना जाऊन तेव्हा तीन वर्षे झाली होती. बेळगाव, शहापूर, खानापूर, संकेश्वर, निपाणी एवढ्या टापूत नाट्यपदे गाणारे म्हणून त्यांचे नाव होते. त्यापलीकडे ते गेले नाही, आणि त्याची खंत त्यांनी कधी केली नाही. समितीचे तरुण चिटणीस आमच्याकडे येऊन म्हणाले, "काकी, तुम्हीही दोन शब्द बोला. ती निपाणीची हकीकत तुमच्याच तोंडून ऐकायची आहे." आम्ही होकार दिला आणि त्या रात्री आम्हांस झोप लागली नाही.

निपाणीची हकीकत सांगण्यापूर्वी तिच्या मागे उभी असलेली एक मोठी हकीकत सांगितली पाहिजे, कारण आमची हकीकत लोकांनी तिच्याच साच्यात ओतली. १२ मार्च १९११ रोजी मुंबईस रिपन थिएटरात खाडिलकरांच्या 'संगीत मानापमान' नाटकाचा पहिला प्रयोग होता. भामिनीची भूमिका नारायणराव राजहंस, म्हणजे बालगंधर्व, करणार होते. त्याच दिवशी त्यांची लहानगी मुलगी वारली. प्रयोग रद्द करण्याची गोष्ट निघाली, पण नारायणराव दुःख पोटात घालून रंगभूमीवर उभे राहिले, आणि त्या रात्री गोविंदराव टेंब्यांच्या चालींनी रसिकांस वेड लावले. मराठी घरांत ही गोष्ट श्यामच्या किंवा ध्रुवाच्या गोष्टीइतकी परिचित आहे. आमच्या देवळातल्या उत्सवात निदान एका वक्त्याच्या तोंडी ती येतेच, आणि ती आली की मंडपात टाळ्या पडतात. त्या टाळ्यांत आमच्याही टाळ्या असत.

पाश्चात्त्य देशांत ज्यास ऑपेरा म्हणतात त्याच्याशी आपल्या संगीत नाटकाचे नाते दूरचे. परंतु गाणाऱ्या नटाभोवती लोकांचा जीव जसा तिकडे गोळा होतो तसा तो इकडेही झाला. आम्हां बेळगावकरांस त्याचा थोडा अभिमानही आहे. ज्यांनी ३१ ऑक्टोबर १८८० रोजी पुण्यात 'संगीत शाकुंतल' रंगभूमीवर आणले ते अण्णासाहेब किर्लोस्कर ह्याच जिल्ह्यातील गुर्लहोसूरचे. गायनाचार्य रामकृष्णबुवा वझे बेळगावात राहिले, आणि मंगेशीचे मास्टर दीनानाथ त्यांचे शागीर्द झाले. गावाचे नाव २०१४ पासून सरकारी दप्तरी 'बेळगावी' झाले, परंतु पेटीवर बोट पडले की मान डोलावणारी माणसे त्याच जुन्या गल्ल्यांतून येतात, आणि त्यांतली निम्मी घरी कन्नड बोलतात. आमच्या घरीही बोलणे कोंकणी, बाजारहाट कन्नडात आणि गाणे मराठीत, असा संसार होता.

आम्ही १९६९ साली लग्न होऊन ह्या घरात आलो. यजमान दिवसा कचेरीत कारकुनी करीत. पहाटे मात्र घरात कोणी मोठ्याने बोलत नसे, कारण ते षड्ज लावून बसलेले असत. बैठक दोन दिवसांवर आली की सोलकढी बंद, ताक बंद, लोणच्याची बरणी फडताळात वरच्या फळीवर. आमच्या सारस्वत घरात सोलांवाचून हुमण करावयाचे म्हणजे काय, हे ज्या भगिनी जाणतात त्यांस अधिक सांगणे नको. ज्येष्ठमधाची पुडी आमच्या पदराच्या गाठीस असे. वारा लागू नये म्हणून खिडक्या मिटलेल्या. पाहुणे आले तर त्यांना हळू बोलण्याची खूण करणे आमच्याकडे. त्यांच्या गळ्यास पडसे झाले तर सारे गाव विचारपूस करी. आम्हांस झाले तर सासूबाई सुंठीचा काढा देत, आणि प्यालेला पेला आम्हीच घासून ठेवीत असू. हे आम्ही तक्रार म्हणून लिहीत नाही. गाणे उत्तम झालेल्या रात्री घरी परतल्यावर ते ओसरीवर बसून एखादी जागा आम्हांस पुन्हा म्हणून दाखवीत. ऐकणारे तेव्हा एकटे आम्ही असू. त्या एका जागेसाठी आम्ही पुष्कळ आंबट सोडले आहे.

आता निपाणी. १९७४ चा गणेशोत्सव. निपाणी म्हणजे तंबाखूची पेठ. गावात शिरताना तो उग्र वास नाकात भरतो आणि परतल्यावर कपड्यांतून दोन दिवस जात नाही. तेथील व्यापारी मंडळींनी यजमानांची बैठक ठरविली होती आणि बिदागी आमच्या दोन महिन्यांच्या घरभाड्याइतकी होती. आमची मुलगी तेव्हा दोन वर्षांची. तिला गोवर येऊन गेला होता, आणि त्या दुपारी पुन्हा ताप चढला. डॉक्टरांनी औषध दिले, उद्या दाखवा म्हणाले. यजमान तंबोऱ्याला गवसणी घालून दारात उभे होते. जावे की न जावे हे त्यांच्या तोंडावर दिसत होते. सासूबाई म्हणाल्या, "ताका वचूं दी, हांव आसां न्हय?" आणि आम्हीही म्हणालो, "जा." त्यांचे उपरणे घडी करून पिशवीत आम्हीच ठेवले. बिदागीची गरज होती हे खरे. पण त्याहून खरे कारण असे, की ठरलेली बैठक मोडून घरात बसलेला गवई आम्ही एकदा पाहिला होता आणि ते तोंड पुन्हा पाहण्याची आमची छाती नव्हती.

रात्री दहाला मुलीला आकडी आली. वीज गेली होती, पाऊस कोसळत होता. शेजारच्या कन्नड बाई, ज्यांना आम्ही अक्का म्हणत असू, कंदील घेऊन धावत आल्या आणि त्यांच्या मुलाने टांगा आणला. इस्पितळाच्या व्हरांड्यातील बाकावर आम्ही रात्र काढली. लुगड्याचे ओले काठ पायांना चिकटलेले, आत मुलगी, आणि अक्का कन्नडात यल्लम्माचा धावा करीत आहेत. आम्ही कोणाचाच धावा केला नाही. आम्ही घड्याळाकडे पाहून आता कोणते पद चालले असेल याचा हिशेब करीत होतो. हे आज प्रथमच लिहीत आहोत.

सकाळी नऊच्या सुमारास यजमान इस्पितळात आले. चिखलाने भरलेले धोतर, हातात शाल, नारळ आणि पाकीट. नारळ त्यांनी बाकाखाली ठेवला. ते काही बोलले नाहीत, आम्हीही विचारले नाही. पाकिटात ठरल्याच्या निम्मेच पैसे होते. आम्ही मनात व्यापाऱ्यांना दोन शब्द वाहिले. तिसऱ्या दिवशी ताप उतरला. मुलीचा डावा कान गेला आहे हे मात्र चार महिन्यांनी कळले. घटका-दोन घटका आधी इलाज झाला असता तर तो वाचला असता का, हे आम्ही तीन डॉक्टरांस विचारले. तिघांनी तीन उत्तरे दिली.

पुढे काही वर्षांनी निपाणीच्याच एका गृहस्थांनी सत्काराच्या भाषणात सांगितले, की "घरी मूल तापाने फणफणले असता बुवांनी बैठक मोडली नाही, आम्हांस 'मानापमाना'च्या रात्रीची आठवण झाली." तेव्हापासून ती हकीकत उत्सवाच्या पत्रिकेसारखी दरसाल निघू लागली. ती सांगितली जात असता यजमान मान खाली घालून पेटीच्या भात्याशी चाळा करीत. आम्ही बायकांच्या बाजूस बसून ते पाहत असू आणि मनात म्हणत असू, पाहा, कसे विनयाने सुखावले आहेत!

तेव्हापासून 'मानापमाना'ची गोष्ट निघाली की आमचे मन रंगभूमीवर ठरेनासे झाले. ते बिऱ्हाडात जाऊ लागले. नारायणरावांच्या पत्नी लक्ष्मीबाई. त्यांचे नाव किती श्रोत्यांस ठाऊक आहे? ज्या मुलीच्या मरणाने ही गोष्ट मोठी झाली, ती त्यांचीही मुलगी होती. नारायणरावांस त्या रात्री निदान भामिनी तरी होती. रंग लावावा, शालू नेसावा, आणि चार तास दुसऱ्या कोणाचे तरी सुखदुःख अंगावर घ्यावे, एवढी वाट त्यांस मोकळी होती. लक्ष्मीबाईंस कोणती होती? पुढे १९१९ साली बडोद्यास गडकऱ्यांचा 'एकच प्याला' आला. नारायणराव सिंधू झाले. सोसणाऱ्या, काही न मागणाऱ्या त्या पत्नीसाठी पदरांनी डोळे पुसले गेले. सुवासिनींनी नेसणे, चालणे, लाजणे त्यांच्याकडून उचलले असे सांगतात. पत्नी कशी असावी हे महाराष्ट्राने ज्यांच्याकडून पाहिले, त्यांच्या घरच्या पत्नीविषयी महाराष्ट्राने काही विचारले नाही. नारायणरावांचे थोरपण ह्याने तिळभर कमी होत नाही. त्यांच्या तबकड्या आमच्या घरात अजून लागतात. परंतु टाळ्या वाजविताना आमचा हात आता थोडा अडखळतो, हे कबूल केले पाहिजे.

लक्ष्मीबाईंच्या मागे नारायणरावांच्या संसारात आल्या गोहरबाई कर्नाटकी. विजापूरकडच्या बिळगीच्या; त्यांच्या भगिनी अमीरबाई सिनेमाच्या गाण्यांनी प्रसिद्धीस आल्या. गोहरबाई स्वतः गायिका, आणि नारायणरावांची गायकी त्यांच्या गळ्यात अशी उतरली होती की जाणकारही चकित होत. १९५१ साली त्यांचे लग्न झाले. नाटकमंडळी बुडाली, कर्ज राहिले, पुढे नारायणरावांचे पाय गेले. त्या पडत्या काळात त्यांच्याजवळ राहिल्या त्या ह्याच बाई. परधर्माची, गाणाऱ्या घराण्यातली बाई म्हणून पुष्कळ रसिकांनी त्यांस अखेरपर्यंत मनातून क्षमा केली नाही. आमच्या सासूबाईही नाक मुरडीत. आम्हीही मुरडले आहे. सेवा करणारे हात कोणाचे हे पाहून सेवेची किंमत ठरविण्याची ही आमची सवय जुनी आहे, आणि देवळाच्या पायरीवर ती चपलांबरोबर बाहेर राहत नाही.

आणखी एक नाव येथेच घ्यावेसे वाटते, कारण ते घर आमच्या जिल्ह्यातल्या माणसाचे. बेळगावजवळच्या सुळेभावीस १९२४ साली जन्मलेले शिवपुत्र कोमकळी, म्हणजे कुमार गंधर्व. १९४७ साली त्यांचे भानुमतीबाईंशी लग्न झाले आणि लागलीच क्षयाने गाठले. देवासला बिऱ्हाड केले, गाणे बंद. ज्याचे गाणे ऐकून लग्न केले, तो माणूस कित्येक वर्षे अंथरुणावर मुका. भानुमतीबाई शाळेत शिकवून घर चालवीत आणि शुश्रूषा करीत. पुढे कुमारांचे गाणे परत आले, ते नव्या तेजाने आले. भानुमतीबाई १९६१ साली दुसऱ्या मुलाच्या जन्मानंतर वारल्या. परत आलेले गाणे त्यांच्या वाट्यास किती वर्षे आले, हे वाचकांनीच मोजावे.

कार्तिकातल्या त्या बैठकीत आम्ही उभे राहिलो तेव्हा समोर मुलगी बसली होती, नेहमीप्रमाणे उजवा कान व्यासपीठाकडे करून. आम्ही निपाणीची हकीकत सांगितली; पण निपाणीची सांगितली नाही, इस्पितळाची सांगितली. कंदील, टांगा, अक्का, बाक. आणि म्हणालो, की त्या रात्री बुवांनी बैठक मोडली नाही हे तुम्ही ऐकत आलात. आम्हीच त्यांना जा म्हटले होते, तेव्हा त्या रात्रीची जी काही थोरवी असेल ती आणि जो काही दोष असेल तो, दोन्हींत आमचा अर्धा वाटा धरावा. टाळ्या पडल्या नाहीत. कोणी तरी पाणी आणून दिले.

बैठक उलगडल्यावर शहापूरचे तबल्याचे जुने साथीदार, ज्यांनी आता पंच्याऐंशी ओलांडली आहे, काठी टेकीत आमच्याजवळ आले. म्हणाले, "वहिनी, त्या रात्री बैठक पुरी कुठे झाली? तिसऱ्या पदानंतर बुवांनी हात जोडले. व्यापारी रागावले, निम्मी बिदागी हातावर ठेवली. साडेबारापासून आम्ही दोघे भर पावसात स्टँडवर. तंबाखूचा एक ट्रक मिळाला, तो तवंदीचा घाट चढून संकेश्वरला बंद पडला. तिथून पहाटेची एस. टी."

आम्ही विचारले, हे इतकी वर्षे कोणी सांगितले कसे नाही?

"त्यांनीच शपथ घातली होती. म्हणाले, गाणेही अर्धे टाकले आणि मुलीपाशीही नव्हतो, असे दोन्हीकडून गेलेले कुणाला सांगायचे? पुढे त्या गृहस्थांनी भाषणात भलतेच सांगितले, तेव्हा तर तोंड उघडायची सोय राहिली नाही."

मंडपातले दिवे एकेक करून मालवत होते. मुलगी आमच्या डाव्या अंगास उभी होती, वळून, उजवा कान पुढे करून तिने विचारले, "आई, काय म्हणाले ते?"

आम्ही तिला सभामंडपाच्या पायरीवर बसविले आणि पहिल्यापासून सांगू लागलो.