एका बाजूचा उजेड

इंटरमिजिएटची परीक्षा जवळ आली होती. चित्रकलेच्या बाईंनी स्टुलावर पांढरा कागद अंथरला, त्यावर एक अंडं ठेवलं आणि वर्गातल्या ट्यूबलाइट बंद केल्या. डावीकडची एक खिडकी तेवढी उघडी. मी लांबट गोल काढला आणि उजव्या कडेला पेन्सिल घासत गेले. कड जितकी काळी केली, तितकं अंडं सपाट दिसू लागलं. बाईंनी माझ्या कागदाला हात लावला नाही. एवढंच म्हणाल्या, "डोळे किलकिले कर, आणि सगळ्यात गडद कुठे आहे ते बघ."

कडेला नव्हतंच ते! कडेच्या जरा अलीकडे, जिथे अंड्याची पाठ खिडकीकडून वळत होती, तिथे गडद पट्टा होता. त्याच्या पलीकडे, ऐन कडेला, खालच्या कागदावरून उसळलेला मंद उजेड अंड्याच्या पोटाला लागला होता. 'परावर्तन' हा शब्द मी विज्ञानात पाठ केला होता. तो पाहिला त्या दुपारी. पट्टा आत सरकवला आणि अंडं कागदातून वर आलं. त्या पांढऱ्या अंड्यात कोरा कागद सोडावा अशी जागा नखाएवढीच होती.

मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये (स्थापना १८५७) विद्यार्थ्यांच्या पिढ्या त्या अंड्यासारख्याच पांढऱ्या, प्लास्टरच्या पुतळ्यांवरून रेखाटन करत शिकल्या. पुतळे बहुतेक ग्रीक-रोमन. ती पद्धत परकी, अशी टीका झाली आणि ती रास्तच होती. पण रंग नसलेल्या प्लास्टरवर उजेडाशिवाय दुसरं काही बघायलाच उरत नाही, हा तिचा गुण मला मोठा वाटतो.

तिथेच शिकलेल्या सा. ल. हळदणकरांनी आपल्या मुलीला समोर उभं करून दिवा घेतलेली स्त्री जलरंगात रंगवली. म्हैसूरच्या जगनमोहन राजवाड्यातलं ते चित्र अनेकजण राजा रविवर्म्याचं समजतात. हातातल्या दिव्याचा उजेड खालून हनुवटीवर, गालावर चढतो. ज्योतीला आडोसा म्हणून धरलेली बोटं तांबूस उजळतात. तिचा सगळा चेहरा त्या एका ज्योतीने घडवला आहे.

आज रात्री घरातले बाकीचे दिवे मालवून एकच टेबललॅम्प डावीकडे ठेवा. समोर अंडं ठेवा, नाहीतर कांदा. पेन्सिल लगेच उचलू नका. आधी ती गडद जागा शोधा.